बावट्यांचं मराठी

सासरी आल्यावर मला न कळलेला पहिला शब्द म्हणजे 'आर्या'.

लग्न होऊन दोनच दिवस झाले होते. मी विहिरीवर पाणी काढत होते. पोहरा अर्धा खाली गेला असेल, तेवढ्यात पडवीतून दणदणीत आवाज आला, "आर्या!" मी इकडं-तिकडं पाहिलं. घरात या नावाचं कोणी आहे असं मला कुणी सांगितलं नव्हतं. पुन्हा आवाज आला, आता चढलेला, "अगो, आर्या! आर्या!" मी इतकी दचकले की हातातला दोरच सोडून दिला. पोहरा दोरासकट तळाला गेला. "बरोबर," पडवीतला आवाज म्हणाला, "फकस्त दोराचं टोक हातात ठेवायचं असतं."

तो आवाज माझ्या थोरल्या मामंजींचा, म्हणजे सासऱ्यांच्या मोठ्या भावाचा. सासरे माझ्या लग्नाआधीच गेले होते. हे थोरले मामंजी मिसरूड फुटायच्या वयात गोऱ्यांच्या आरमारात खलाशी म्हणून भरती झाले आणि केस पिकल्यावर वाडीत परतले. 'आर्या' म्हणजे खाली सोड आणि 'हबेस' म्हणजे वर ओढ, हे त्यांनीच मला समजावलं. जुने खलाशी असंच बोलायचे. 'पगार' आणि 'चावी' हे शब्द आपल्याला ज्या पोर्तुगीजांकडून मिळाले, त्यांच्याकडूनच 'आर्या' आला म्हणतात. 'हबेस' कुठून आला ते मामंजींनाही सांगता यायचं नाही. मी विचारलं तेव्हा म्हणाले, "वर ओढताना आपसूक तोंडातून येतो त्यो." मी ओढून पाहिलं. माझ्या तोंडातून 'आई गं' आलं.

मी घाटावरची. समुद्र पहिल्यांदा पाहिला तो लग्नाच्या वऱ्हाडाबरोबर, एसटीच्या खिडकीतून. त्यामुळं या घरातलं मला सगळंच नवं होतं, आणि मला चौकशा फार. तेव्हा आमचा जिल्हा कुलाबा. श्रीवर्धन आणि दिवेआगरच्या मधल्या किनाऱ्यावर आमची वाडी. पुढं नारळ, आत पोफळी, त्यांच्यात घर, आणि मागचं दार उघडलं की केवड्याच्या बेटापलीकडं वाळू. आमचे हे म्हसळ्याला शाळामास्तर. शनिवारी संध्याकाळी यायचे आणि सोमवारी पहाटे जायचे. मधल्या दिवसांत घरात आम्ही चौघंच. सासूबाई, थोरले मामंजी, धाकटे दीर आणि मी.

सासूबाई आपल्या थोरल्या दिरांशी बोलत नसत. भांडण नव्हतं, रीतच तशी. डोक्यावरून पदर, मान खाली, आणि काही सांगायचं झालं तर ते पडवीच्या खांबाला सांगायचं. "चहा थंड व्हतोय म्हणावं." खांब ऐकायचा आणि मामंजी चहा प्यायचे. मी आल्यावर खांबाची सुटका झाली आणि ते काम माझ्याकडं आलं.

पडवीत झोपायला मामंजींना खाट चालत नसे. दोन वाशांना कॅनव्हासची झोळी टांगायची आणि तिच्यात निजायचं. सूर्य उगवायच्या आधी झोळी सोडून, तिची घट्ट वळकटी करून, दोरीचे वेढे मोजून बांधायचे. एकदा मी कौतुकानं म्हटलं की राहू द्या मामंजी, मी गुंडाळते. त्यांनी माझ्याकडं असं पाहिलं, जणू मी त्यांचं जानवंच मागितलं. "सूनबाई, ही बुडत्या मानसाला तारती," ते म्हणाले. "नीट बांधली तर पान्यावर तरंगती. ढिली बांधली तर त्याच्या आधी बुडती." मला ते खरं वाटेना. मी दुपारी एक गोधडी तशी बांधून विहिरीत सोडली. ती बुडाली. पोहऱ्याच्या शोधात गळ टाकून ठेवला होता, त्यालाच ती अडकून वर आली. सासूबाईंनी विचारलं हे काय, तर मी म्हटलं धुवायला घेतलीय.

आता मुद्द्याचं. धाकटे भाऊजी मॅट्रिक होऊन घरी बसले होते आणि त्यांना आरमारात जायचं होतं. देश आता आपला होता, आरमारही आपलं होतं, श्रीवर्धनची एक-दोन मुलं जाऊन आली होती आणि पांढरा गणवेश घालून बाजारातून हिंडली होती. आमच्या ह्यांची ना नव्हती. मामंजी तर जीव ओतून तयार. विरोध एकट्या सासूबाईंचा.

"एक खडू घेऊन म्हसळ्याला गेला," त्या म्हणायच्या. "ह्यो पान्यात जानार. वाडी काय खांब शिंपनार हाय?"

हे सगळ्यांसमोर बोलायचं कारण. खरं कारण त्यांनी मला एकदा सुपारी सोलताना सांगितलं. आवाज हळू होता, पण हात थांबले होते, त्यावरून मला कळलं की हे मनातलं आहे. "वाडीचं काय गो, वाडी मी मरंस्तोवर बघीन. पन जानारा मानूस परत येतो त्यो दुसराच येतो. बघ ना पडवीत. बायको न्हाय, पोर न्हाय, घर असून झोळीत निजतो. रागावला तरी कुनावर रागवायचं ते कळत न्हाय त्याला. माझा पोर तसा होऊन आला तर मी कुनाला आपला म्हनू?" पडवी आणि माजघर यांच्यात फक्त एक कूड होता. मामंजींना ऐकू गेलं असणार.

मला दोघांचंही पटायचं, आणि त्याचा मला त्रास व्हायचा. भाऊजींच्या तोंडावर आरमाराचं नाव काढलं की जो उजेड यायचा, तो पाहिला की वाटायचं जाऊ द्यावं. सासूबाईंचे थांबलेले हात आठवले की वाटायचं नको.

मामंजींनी मात्र वाट पाहिली नाही. मुंबईला निवड व्हायच्या आधी पोरगा तयार पाहिजे, म्हणून त्यांनी वाडीतच आरमार काढलं. सुरुवात डेक घासण्यापासून. जुन्या काळी शिकाऊ खलाशी पहाटे अनवाणी, विजारी गुडघ्यापर्यंत वळून, रांगेत गुडघ्यांवर बसायचे आणि वाळू टाकून दगडानं जहाजाच्या फळ्या घासायचे. आमच्याकडं डेक नव्हता, माडी होती. मामंजींनी भाऊजींना वाळूचं घमेलं आणि नारळाचं सोडण देऊन माडीच्या फळ्यांवर बसवलं. फळ्यांना फटी होत्या आणि फटींखाली स्वयंपाकघर. त्या दिवशी आमटी जेवताना सगळ्यांचे दात करकरले. सासूबाई माझ्याकडं बघून म्हणाल्या, "इचार, समुद्र आमटीत कशाला आनलाय?" मी विचारलं. मामंजी म्हणाले, "सांग, गोऱ्यांच्या जहाजावर भातात बी असायची." तरी दुसऱ्या दिवसापासून घासणं पडवीच्या बाकावर आलं.

मी जेवणं उरकली की पडवीच्या दाराशी बसायची आणि विचारायची. जहाजावर जेवायला काय? भात, डाळ, आणि रविवारी मटण. हिंदूंची चूल वेगळी, मुसलमानांची वेगळी, आणि वादळ आलं की दोन्ही विझायच्या आणि सगळे मिळून कोरडी बिस्किटं खायचे. ती बिस्किटं कशी? आधी टेबलावर आपटायची, म्हणजे आतले किडे बाहेर येतात. आणि नाही आले तर? "तर समजायचं आत न्हाईत, न्हायतर मेलेत." पहिल्या रात्री काय केलंत? झोळीतून पडलो. कुठं? खालच्या टांडेलाच्या अंगावर. टांडेल म्हणजे खलाशांचा मुकादम. त्यानं काय केलं? इथं मामंजी नेहमी विषय बदलायचे.

बुटांची गोष्ट मला सगळ्यांत आवडायची. भरती झालेली पोरं बहुतेक याच किनाऱ्यावरची, आमच्या श्रीवर्धन-मुरुडपासून खाली रत्नागिरीपर्यंतची. जन्मात चप्पल न घातलेली. माडावर चढून आणि चिखल तुडवून पावलं पुढून पसरलेली. त्यांना काळे कडक बूट मिळाले आणि एकाचंही पाऊल आत जाईना. मग नाडीनं नाडी बांधून बूट गळ्यात अडकवायचे, परेडच्या मैदानापर्यंत अनवाणी पळत जायचं, आणि तिथं पोचल्यावर बसून, दात-ओठ खाऊन पाय आत घालायचे. शिकवणारा गोरा ओरडायचा 'अबाऊट टर्न', आणि यांना ऐकू यायचं 'आबा तरन'. कोणाचा आबा, कुठं तरला, कुणाला ठाऊक नव्हतं, पण पाय बरोबर वळायचे. मी विचारलं, अर्थ न कळता पाय कसे वळले? मामंजी म्हणाले, "सूनबाई, तू लग्नात मंगलाष्टकं ऐकलीस, अर्थ कळला व्हता? माळ बरोबर घातलीस ना?" यावर मी गप्प बसले. असं क्वचित व्हायचं.

मग पाण्याची खोली मोजायचा दोर. त्याच्या टोकाला शिशाचं वजन, आणि ठरावीक अंतरांवर खुणा. एके ठिकाणी चामड्याची पट्टी, पुढं पांढरं सुती कापड, पुढं लाल लोकरीचं, एके ठिकाणी भोक पाडलेलं चामडं. मामंजींनी तसा दोर विणला आणि भाऊजींच्या डोळ्यांवर पंचा बांधून ओळखायला लावला. पण बोटांनी नाही, ओठांनी. मला राहवेना. मी विचारलं, ओठांनी का? "रात्री दिसत न्हाय," ते म्हणाले, "आन हात दोरानं, मिठानं मरतात. ओठ मरत न्हाईत." त्यांचा डोळा लागल्यावर मी हळूच तो दोर घेतला आणि डोळे मिटून पाहिलं. सुपारी सोलून माझी बोटं भेगाळली होती, त्यांना सुती आणि लोकर एकच. ओठांना मात्र लगेच कळलं. मला इतका आनंद झाला की शनिवारी हे आल्या-आल्या मी सांगायला धावले. हे म्हणाले, "म्हणजे तू दिवसभर दोरीचे मुके घेत होतीस?" शाळामास्तराला सांगून काही उपयोग नसतो, हे मला तेव्हाच कळलं.

मामंजींचं आरमारातलं खरं काम निशाणवाल्याचं. दोन हातांत दोन बावटे घेऊन एका जहाजावरून दुसऱ्या जहाजाशी बोलायचं. हातांच्या प्रत्येक ठेवणीचं एक इंग्रजी अक्षर. दोन्ही हात आडवे केले की आर, दोन्ही खाली तिरके की एन, दोन्ही वर तिरके की यू. भाऊजींना हे शिकवायची त्यांना सगळ्यांत घाई होती, आणि अडचणही इथंच होती. मामंजींना मोतीबिंदू. पडवीतून विहीरसुद्धा धूसर दिसायची. समोरचा काय हलवतोय ते वाचायला दुसरे डोळे हवेत. इंग्रजी अक्षरं ह्यांनी मला पहिल्याच महिन्यात शिकवली होती, म्हणून ते डोळे माझे ठरले.

पोफळीच्या कामट्यांना कापड लावून आम्ही बावट्यांच्या दोन जोड्या केल्या. अर्धं कापड सासूबाईंच्या जुन्या तांबड्या लुगड्याचं, अर्धं हळदीत रंगवलेलं. भाऊजी किनाऱ्याच्या त्या टोकाला, मी या टोकाला, आणि माझ्या बाजूला पेटीवर बसलेले मामंजी. मी अक्षर सांगायचं, त्यांनी चूक धरायची. हात वर केला की माझा पदर डोक्यावरून घसरायचा. मी पदराला दोन टाचण्या लावल्या. सासूबाईंना ते मुळीच आवडलं नाही. "कुनाची सून हात हलवीत किनाऱ्याला उभी असती गो?" त्या विचारायच्या. त्या स्वतः वाळूवर कधी येत नसत. मागच्या दारापासून समुद्र हाकेवर, पण त्यांचं सगळं आयुष्य दाराच्या अलीकडं. मी एकदा विचारलं, कंटाळा येत नाही का? तर म्हणाल्या, "त्यात बघायचं काय? रोज येतो आन रोज जातो."

अक्षरं मला आठवडाभरात आली, हे मी फुशारकीनं सांगते. अडचण आली ती मराठीची. मामंजी इंग्रजी शब्दांचा सराव घ्यायचे, शिप, बोट, रोप. पण मला आणि भाऊजींना आपलं बोलायचं होतं, आणि इंग्रजी अक्षरांत मराठी मावत नाही. एकदा भाऊजी होडीतून मासे घेऊन आले. होडी ओढून बांधायला दोर हवा होता आणि दोर माझ्याजवळ होता. त्यांनी दुरून बावट्यांनी सांगितलं, टी, ए, के. मी वाचलं. मनात म्हटलं, उन्हातून आलेत बिचारे, आणि धावत घरी जाऊन तांब्याभर ताक घेऊन आले. होडी तोवर लाटेबरोबर मागं निघालेली, भाऊजी तिला कमरेइतक्या पाण्यात धरून उभे आणि ओरडताहेत, "वहिनी, टाक! टाक!" मी तांब्या पुढं केला. थोरले मामंजी पेटीवरून उठून उभे राहिले आणि हसता हसता खाली बसले. त्यांना हसताना मी पहिल्यांदाच पाहिलं. नंतर म्हणाले की असल्या गलबतावर मी असतो तर शत्रूला तोफेऐवजी ताक मिळालं असतं. ताक मात्र त्यांनीच प्यायलं.

पावसाळा संपला, आगबोटी पुन्हा सुरू झाल्या आणि भाऊजी मुंबईला जाऊन निवड होऊन आले. दिवाळीनंतर हजर व्हायचं होतं. त्या बातमीपासून सासूबाई त्यांच्याशी बोलेनाशा झाल्या. जेवायला वाढायच्या, कपडे धुवायच्या, चिवड्याचा डबा भरून ठेवला, पण शब्द नाही. भाऊजी पुन्हा पुन्हा समोर जाऊन उभे राहायचे. "आय, बोल की काय तरी. शिव्या तरी दे." त्या वळून निघून जायच्या. मला रडू यायचं. मामंजींनी शिकवणं बंद केलं होतं.

जायच्या दिवशी आगबोट सकाळीच आली आणि किनाऱ्यापासून दूर खोल पाण्यात उभी राहिली. माणसं मचव्यातून तिच्यापर्यंत जायची. ह्यांनी सुट्टी काढली होती. ते ट्रंक घेऊन पुढं गेले. भाऊजींनी देवाला नमस्कार केला, मामंजींच्या पाया पडले आणि आईला शोधू लागले. सासूबाई घरात नव्हत्या. गोठ्यात नव्हत्या. मला ठाऊक होतं, त्या वाडीच्या पार मागच्या कोपऱ्यात पाटाचं पाणी बघायला गेल्या होत्या, म्हणजे निरोप घ्यावा लागू नये म्हणून गेल्या होत्या. भाऊजींनी दोन हाका मारल्या. मचव्यावाल्यानं किनाऱ्यावरून त्याहून मोठी हाक मारली. ते गेले. बावट्यांची आपली जोडी त्यांनी पिशवीत खोचली होती.

मी आणि मामंजी वाळूवर उभे राहिलो. मचवा लहान होत आगबोटीला भिडला. ह्यांनी सामान चढवून दिलं आणि ते मचव्यातच थांबले. थोड्या वेळानं आगबोटीच्या कठड्याशी तांबडं-पिवळं काही तरी हललं.

"बोलतोय," मी म्हटलं.

"वाच," मामंजी म्हणाले.

पहिली अक्षरं आली ए, वाय, एल, ए. आयला. मला वाटलं, जाता जाता भाऊजी शिव्या देताहेत की काय. मग पुढचं आलं, एस, ए, एन, जी. तेव्हा उलगडलं. आयला सांग. आणि मग वाय, ई, टी, ओ. आयला सांग, येतो.

माझे बावटे वाळूत टाकून मी पळत सुटले. वाडीतून, पाट ओलांडून, मागच्या कोपऱ्यात. सासूबाई पोफळीला हात टेकून उभ्या होत्या. मला धाप लागली होती. मी फक्त एवढंच म्हणू शकले, "भाऊजींनी सांगितलंय, येतो म्हणून."

त्यांनी झाडावरचा हात काढला. "येतो?" त्या म्हणाल्या. "येतो म्हनाला?"

"हो."

त्या चालू लागल्या. आधी भरभर, मग चक्क धावत. मला त्यांच्या मागं धावता येईना. मागचं दार, केवडा, आणि त्याच्याही पुढं, वाळूवर. मला अजून कळलं नव्हतं. मला वाटलं, शेवटी आईचं मन, निरोप द्यायला निघाल्या. त्या पाण्याच्या कडेला जाऊन थांबल्या. मचवा परत येत होता. त्या त्याच्याकडं टक लावून बघू लागल्या आणि त्यांच्या तोंडावर हसू होतं. ते हसू पाहिलं आणि मला कळलं.

आपण निघताना 'जातो' म्हणत नाही, 'येतो' म्हणतो. घाटावर तसंच आणि कोकणात तसंच. जातो म्हणणं अशुभ. पण समोर माणूस उभा असतो, त्याच्या हातात पिशवी असते, पायात वहाणा असतात, म्हणून आपल्याला कळतं की हा चालला. बावट्याला ना पिशवी ना वहाणा. तो नुसता शब्दच पोचवतो. भाऊजींनी निरोप मागितला होता. सासूबाईंनी ऐकलं होतं की पोरगा परत येतोय.

मचवा लागला. आमचे हे उतरले, टपालाची थैली उतरली, मुंबईहून आलेली दोन माणसं उतरली. सासूबाईंनी एकेकाच्या तोंडाकडं पाहिलं. मग मचव्यात वाकून पाहिलं. त्यात पाणी उपसायचा डबा होता.

"आई," हे म्हणाले, "तू इथं कशी?"

त्या माझ्याकडं वळल्या. "येतो म्हनाला व्हता ना गो?"

मामंजी माझ्याकडं तोंड करून, पण सासूबाईंना ऐकू जाईल असं म्हणाले, "सूनबाई, सांग. निघताना म्हनतात तसा म्हनाला त्यो."

सासूबाई खाली वाळूत बसतील असं मला वाटलं. त्या बसल्या नाहीत. आगबोटीच्या धुराड्यातून धूर निघू लागला होता. त्या तिकडं बघत राहिल्या आणि मग अगदी वेगळ्या आवाजात म्हणाल्या, "मग त्याला उत्तर कुठं मिळालंय? येतो म्हनल्यावर घरातल्यानं 'ये' म्हनाय नको? असाच कसा जाईल?"

मी माझे बावटे उचलले. त्यांनी माझं मनगट धरलं. "तू न्हाय. मी म्हनते. कसा धरायचा सांग."

मी त्यांच्या हातांत बावटे दिले आणि मागून त्यांचे दोन्ही हात धरले. कोपरापासून ते हात लाकडासारखे कडक होते. उजवा वर तिरका, डावा सरळ आडवा. वाय. मग उजवा खाली, डावा वर तिरका. ई. पुन्हा वाय, पुन्हा ई. हात वर गेले तसा त्यांचा पदर डोक्यावरून पार खांद्यावर आला. दिरासमोर, मुलासमोर, मचव्यातल्या परक्या माणसांसमोर. मामंजींनी चटकन समुद्राकडं पाठ केली. सासूबाईंचं पदराकडं लक्ष नव्हतं.

आगबोटीवरून काहीच आलं नाही. उन्हाची तिरीप पाण्यावर होती, तिकडून तोंडं ओळखू येत नसणार. मग बावटे हलले. के, ओ, एन.

"काय म्हनतो?" सासूबाईंनी विचारलं.

"विचारताहेत," मी म्हटलं, "कोण."

"कोन?" त्या एकदम भडकल्या आणि त्याच दमात रडू लागल्या. "कोन म्हंजे? आय न्हाय तर कोन! सांग त्याला, आय म्हनावं, आय!"

मी आयची अक्षरं जुळवायला लागले आणि मधेच थांबले. जुळवायला काही नव्हतंच. इंग्रजीत ते एकच अक्षर आहे आणि त्याचं नावच 'आय'. मी त्यांचा उजवा हात खाली तिरका केला आणि डावा छातीवरून ओलांडून वर नेला. तिथंच सोडला. त्यांनी तो तसाच धरून ठेवला.

आगबोटीवर भाऊजींचे दोन्ही हात खाली आले. बावटे मांड्यांशी टेकले आणि पुन्हा वर झाले नाहीत. भोंगा झाला. बोट हळूहळू वळायला लागली.

"काय म्हनतो?" मामंजींनी पाठमोऱ्यानंच मला विचारलं.

"काही म्हणत नाहीत," मी म्हटलं. "नुसते उभे आहेत."